पडद्यामागची मैत्रीण

सिनेमा सुरू होतो, पडद्यावर नावं येऊ लागतात, तेव्हा आपण काय करत असतो? मुलांना जागेवर बसवत असतो, नाहीतर पदर सावरत असतो. त्यातूनही नट-नट्यांची नावं डोळ्यांखालून जातात. पण पटकथा कुणाची, असं घरी आल्यावर कुणी विचारलं तर चटकन सांगता यायचं नाही. मैत्रिणींनो, अशाच एका नावाची हकीकत आज तुम्हांला सांगावीशी वाटते. फ्रान्सिस मॅरियन हे ते नाव. हॉलिवूडच्या जुन्या जमान्यात शंभराहून अधिक चित्रपट या बाईच्या लेखणीतून उतरले.

तिचा जन्म १८८८ चा, सॅन फ्रान्सिस्कोचा. ती चित्रपटात आली तेव्हा चित्रपट मुके होते. मेरी पिकफर्ड ही त्या वेळची सर्वांची लाडकी नटी आणि फ्रान्सिसची जिवाभावाची मैत्रीण. तिच्यासाठी १९१७ मध्ये फ्रान्सिसनं ‘द पुअर लिटल रिच गर्ल’ लिहिला. कंपनीतल्या बड्या मंडळींना तो मुळीच रुचला नव्हता. प्रेक्षकांनी मात्र अगदी डोक्यावर घेतला!

पुढे ती एम.जी.एम. या बलाढ्य कंपनीत गेली. तिथलं काम म्हणजे कारखानाच म्हणा ना! लेखकाला आठवड्याचा पगार. कथा निर्मात्यानं नेमून द्यायची. एकाच पटकथेवरून चार-चार जणांचे हात फिरायचे, आणि अखेर पडद्यावर नाव कुणाचं लावायचं, तेही कंपनीच ठरवायची. अशा ठिकाणी ती टिकली आणि पहिल्या रांगेत बसली.

या मानाच्या जागेचा तिनं काय उपयोग केला, ते मला फार मोलाचं वाटतं. मेरी ड्रेसलर या रंगभूमीवरच्या नामांकित विनोदी नटी. अंगानं स्थूल, रूपानं बेताच्याच. फ्रान्सिस वर्तमानपत्रात उमेदवारी करत असताना बाईंनी तिला मुलाखत दिली होती आणि त्यामुळे तिची नोकरी वाचली होती, असं तिनंच आपल्या आठवणींत सांगितलं आहे. १९२७ साली बाई साठीला टेकल्या होत्या आणि त्यांना काम मिळेनासं झालं होतं. फ्रान्सिसनं त्यांच्यासाठी मुद्दाम ‘द कॅलहान्स अँड द मर्फीज’ लिहिला. पण आयरिश लोकांनी त्यावर एवढा गहजब केला की कंपनीनं तो मागेच घेतला.

‘केलं बाई आपल्या परीनं’ म्हणून दुसरी कुणी गप्प बसली असती. फ्रान्सिस थांबली नाही. १९३० मध्ये ‘अ‍ॅना ख्रिस्ती’ आला, ग्रेटा गार्बोचा पहिला बोलपट. गार्बो बोलते कशी, याचंच सगळ्यांना कुतूहल. त्यात बंदरावरच्या एका दारुड्या म्हातारीची भूमिका फ्रान्सिसनं बाईंना मिळवून दिली आणि बाईंनी तिचं सोनं केलं. त्याच वर्षी ‘मिन अँड बिल’ आला. लॉर्ना मून ही फ्रान्सिसची लेखिका मैत्रीण क्षयानं अंथरुणाला खिळली होती. तिच्या औषधपाण्याला पैसा मिळावा म्हणून फ्रान्सिसनं तिची कादंबरी कंपनीच्या गळ्यात मारली, आणि चित्रपटात कथा जवळजवळ स्वतःचीच लिहिली! बंदरावर हॉटेल चालवणारी, टाकलेलं पोर पोटाशी धरणारी मिन तिनं ड्रेसलरबाईंसाठी उभी केली. १९३१ मध्ये बाईंना उत्कृष्ट अभिनेत्रीचं ऑस्कर मिळालं. १९३२ आणि १९३३ या दोन्ही वर्षी तिकीटबारीवर सर्वांत वरचं नाव त्यांचं होतं.

हे सारं फ्रान्सिसनं केलं कधी, ठाऊक आहे? १९२८ च्या नाताळात तिचे पती फ्रेड थॉमसन धनुर्वातानं गेले. पदरात दोन लहान मुलगे. त्यानंतरच ती सॅन क्वेंटिनचा तुरुंग स्वतः पाहून आली आणि ‘द बिग हाउस’ लिहिला. लेखनाचं ऑस्कर मिळवणारी ती पहिली स्त्री. पुढे बाप-लेकाच्या मायेवरच्या ‘द चॅम्प’साठी दुसरंही मिळालं. १९३३ मध्ये पटकथालेखकांची संघटना उभी राहिली, तिची ती उपाध्यक्ष झाली. १९७३ मध्ये ती वारली.

बाईचं वय झालं, रूप ओसरलं की तिच्याबद्दल सांगण्यासारखं काही उरत नाही, असं आपणही किती सहज धरून चालतो! महिला मंडळाचं नाटक बसतं, तेव्हा पन्नाशीच्या काकूंच्या वाट्याला काय येतं? नाहीतर सासू, नाहीतर दोन वाक्यांची मोलकरीण. तालमीला चहा करायलाही त्याच! यंदा नाटक लिहायचं काम तुमच्याकडे आलं, तर त्या काकूंना एक चांगला प्रवेश अवश्य लिहून द्या. त्यांच्याजवळ सांगण्यासारखं पुष्कळ असतं हो, कुणी विचारत नाही इतकंच.