पाण्याचे कुंपण

मांडवी आणि झुवारी या गोव्याच्या दोन मोठ्या नद्यांना आतल्या अंगाने जोडणारा कुंभारजुव्याचा कालवा नकाशावर सैल सोडलेल्या दोरीसारखा दिसतो. त्याच्या पश्चिमेला तिसवाडीचे बेट आणि त्या बेटावर एकेकाळी पोर्तुगीजांच्या पौर्वात्य साम्राज्याची राजधानी असलेले जुने गोवे, पूर्वेला फोंडा, आणि उत्तरेला मांडवीचे पात्र व त्यातील दिवाडी बेट ओलांडले की डिचोलीचा काठ. पंधरा-सतरा किलोमीटरांच्या या कालव्यात आज पर्यटकांना मगरी दाखवणाऱ्या होड्या फिरतात, आणि जुन्या गोव्यातील चर्चे पाहण्यासाठी रोज बसगाड्या भरून माणसे येतात. ही दोन्ही ठिकाणे एकाच दिवसात पाहून होतात, परंतु त्यांना जोडणारी गोष्ट होडीवर सांगितली जात नाही आणि चर्चच्या दारातही सांगितली जात नाही. ती गोष्ट गुलामांची आहे.

अमेरिकेतील लुइझियाना राज्यात असा जोडफेरफटका चांगलाच रुळलेला आहे. सकाळी मिसिसिपीकाठच्या उसाच्या मळ्यांतील गुलामांची खोपटी पाहावयाची आणि दुपारी दलदलीत होडीतून ॲलिगेटर पाहत हिंडावयाचे, असा त्याचा क्रम असतो. तेथील व्हिटनी मळा तर २०१४ पासून मालकाच्या वाड्यापेक्षा गुलामांचे जगणे पुढे ठेवणारे संग्रहालय झाला आहे. त्या भूमीत मळा आणि दलदल यांचे नाते उघड आहे, कारण मळ्यातून पळालेले गुलाम दलदलीतच लपून वस्ती करीत. अशा फरारींना ‘मरून’ म्हणत, आणि सां मालो या त्यांच्या पुढाऱ्याला १७८४ मध्ये न्यू ऑर्लीन्स येथे फाशी देण्यात आले. गोव्याचे चित्र याच्या नेमके उलट आहे. येथे उसाचे अफाट मळे नव्हते. गुलामगिरी होती ती घरातली, शहरातली, पालखीच्या दांड्याखालची. आणि दलदल येथे फरारींचा आडोसा नव्हती. ती कुंपण होती.

गोव्यात असा जोडफेरफटका करावयाचा तर दिवसाची सुरुवात जुन्या गोव्यातील व्हाइसरॉयच्या कमानीपासून करणे योग्य. मांडवीच्या धक्क्यावरून या कमानीखालून शहरात शिरणारा रस्ता ‘रुआ दिरैता’, म्हणजे ‘सरळ रस्ता’, या नावाने ओळखला जाई. १५८३ मध्ये गोव्यात आलेला आणि पुढे सुमारे पाच वर्षे आर्चबिशपच्या पदरी राहिलेला यान ह्युइगेन व्हान लिन्शोटेन हा डच तरुण या रस्त्यावरच्या लिलावाचे वर्णन करतो. रविवार आणि सणाचे दिवस सोडून रोज सकाळी तेथे लिलाव भरे. त्याला पोर्तुगीज भाषेत ‘लैलांव’ म्हणत, आणि आपला ‘लिलाव’ हा शब्द त्याच घराण्यातला आहे. अरबी घोडे, मसाले, गालिचे, जवाहीर आणि माणसे, सारे एकाच हाळीवर विकले जाई. मराठीत आज शेतमालाचा लिलाव होतो, थकबाकीदाराच्या घराचा होतो, सरकारी भंगाराचा होतो. शब्द इतका घरचा झाला आहे की त्याच्या जुन्या बाजारात माणूसही उभा असे, याची आठवण त्याच्या उच्चारात उरलेली नाही.

विकली जाणारी माणसे प्रामुख्याने मोझांबिकच्या किनाऱ्यावरून येत, परंतु बंगाल, चीन, जपान येथूनही आणली जात. फ्रान्स्वा पिरार हा फ्रेंच प्रवासी १६०८ ते १६१० या काळात गोव्यात होता, आणि त्याच्या वृत्तांतात गुलामांच्या रोजच्या कष्टांचे जे तपशील येतात ते विशेष बोलके आहेत. प्रतिष्ठित पोर्तुगीज घराबाहेर पडे तेव्हा एक गुलाम डोक्यावर छत्री धरी, दुसरे पालखी वाहत. गुलाम स्त्रिया मुरंबे आणि मिठाई करून, भरतकाम करून ते बाजारात विकत, आणि मिळकत मालकाच्या हाती जाई. बाणगिणीच्या झऱ्याचे गोड पाणी घागरींतून शहरात आणून विकणे हे तर गुलामांचे नेहमीचेच काम होते. ज्या शहराच्या वैभवाच्या कथा युरोपभर पसरल्या, त्या शहराची तहान डोक्यावरच्या घागरीने भागत होती. आता त्या शहरातले वाडे जमीनदोस्त झाले आहेत, रुआ दिरैताच्या दोन्ही बाजूंना माडांच्या बागा आहेत, आणि चर्चे तेवढी उभी आहेत. त्यामुळे पाहणाऱ्याचा असा सहज समज होतो की येथे केवळ पाद्रीच राहत असावेत.

शहरातून बाहेर पडण्याचे मार्ग मोजके होते, आणि तेच या कथेचे मर्म आहे. तिसवाडी हे चहूबाजूंनी खाऱ्या पाण्याने वेढलेले बेट. जेथे पाणी अरुंद वा उथळ होते, तेथे पोर्तुगीजांनी चौक्या बसवल्या होत्या. अशा चौकीला ‘पासो’, म्हणजे उताराचा नाका, म्हणत. पणजी, दावजी, गवंडाळी, बाणस्तारी, आगशी ही नाक्यांची नावे आजही गावांची नावे म्हणून जिवंत आहेत. पैलतीरावर भाजीपाला, धान्य वा अन्य जिन्नस आणण्यासाठी जाणाऱ्या स्थानिक माणसाच्या उघड्या दंडावर नाक्यावरचा शिपाई शिक्का उमटवी, आणि परतताना तो दाखवल्याखेरीज आत प्रवेश मिळत नसे, असे लिन्शोटेन नोंदवतो. कागदाचा परवाना हरवू शकतो, दुसऱ्याला देता येतो; कातडीचा परवाना ज्याचा त्यालाच वाहावा लागतो. गुलामाला मात्र असा शिक्काही मिळणे दुर्घट. त्याच्यासाठी उरे तो रात्रीचा काळोख, ओहोटीची वेळ आणि कालव्याचे पाणी.

त्या पाण्यात मगरी होत्या. गवंडाळीच्या बाजूचा एक उतार ओहोटीला पायी ओलांडण्याजोगा होई, म्हणून त्याला ‘पासो सेको’, म्हणजे कोरडा उतार, म्हणत. आणि पोर्तुगीजांपूर्वीच्या आदिलशाही अमलातच अशा उथळ जागी मगरी पोसून वाट अडवली होती, देहदंडाचे कैदी त्यांच्यापुढे टाकले जात होते, अशी हकीकत पोर्तुगीज बखरींच्या परंपरेत सांगितली जाते. पुढे तीच कथा गुलामांच्या पलायनाशी जोडली गेली. प्राणिशास्त्राच्या दृष्टीने पाहता मगर येथे कोणी आणून सोडण्याची गरजच नव्हती. भारतातील दलदलीची मगर मुख्यतः गोड्या पाण्यात राहते, पण कुंभारजुव्याच्या मचूळ पाण्यातही तिने पिढ्यान्‌पिढ्या बस्तान बसवले आहे, आणि हीच या कालव्याची खासियत मानली जाते. राजसत्तेला तिचा उपयोग उमगला, इतकेच. पगार न मागणारा, झोप न लागणारा आणि लाच न घेणारा पहारेकरी आयताच मिळाला होता. लाचखोरीसाठी तेव्हाच बदनाम असलेल्या या शहरात शेवटचा गुण दुर्मीळच म्हणावा लागेल.

होडीतून या कालव्यात शिरावे ते हिवाळ्यातील सकाळी, ओहोटी लागल्यावर. पाणी उतरते तशी काठाची चिखलाची उतरण उघडी पडते, आणि तिवर, कांदळ, चिपी या खारफुटींची, म्हणजे भरती-ओहोटीच्या पट्ट्यात तग धरणाऱ्या झाडांची, मुळे वर येतात. तिवराची मुळे चिखलातून खुंट्यांसारखी सरळ उभी राहतात, कारण त्या गुदमरलेल्या मातीत श्वास घेण्यासाठी त्यांना हवेतच डोके काढावे लागते, तर कांदळाची मुळे कमानी करून बुंध्याला टेकू देतात. चिखलावर निवट्या, म्हणजे पाण्याबाहेर उड्या मारत चालणारे लहान मासे, सरसरत असतात. खंड्या फांदीवरून दगडासारखा पाण्यात पडतो आणि चोचीत काहीतरी चमकते घेऊन परततो. मगर प्रथम दिसतच नाही. चिखलाचाच एक उंचवटा वाटणारी गोष्ट एकाएकी डोळ्यांनिशी जागी होते, होडीकडे निरुत्साहाने पाहते, आणि कसलाही आवाज न करता पाण्यात ओघळते. मागे उरते ती पोटाची घसरखूण. वन्यजीव संरक्षण कायद्याच्या पहिल्या परिशिष्टाने ज्या प्राण्याला आज सर्वाधिक संरक्षण दिले आहे, त्याच्याच जबड्याचे भय एकेकाळी राज्याने आपल्या कामाला लावले होते.

परंतु मगरीचे दुसरे रूप सांगितल्याखेरीज हा कालवा समजत नाही. गोव्यातील खाजन शेती ही खारे पाणी बांध घालून अडवलेल्या सखल जमिनीवर होते; बांधाला ‘मानस’ नावाचे लाकडी झडपांचे दार असते, भरतीच्या रेट्याने ते आपोआप मिटते आणि ओहोटीला उघडून शेतातले पाणी बाहेर सोडते. बांध फुटला तर भाताचे वर्ष बुडते. फोंडा तालुक्यात दुर्भाटच्या परिसरातील शेतकरी पौष अमावास्येला बांधाजवळ चिखलाची मगर घडवून, तिला शिंपल्यांनी सजवून तिची पूजा करतात. कोकणीत मगरीला ‘मानगें’ म्हणतात, म्हणून या विधीचे नाव ‘मानगें थापणी’. मगरीने माणसांना आणि गुरांना त्रास देऊ नये आणि बांध राखावा, अशी यामागची श्रद्धा. एकाच चिखलातून दोन मगरी निघाल्या आहेत: एक माणसाला आत कोंडणारी, दुसरी खाऱ्या पाण्याला बाहेर ठेवणारी. पहिलीची आठवण परक्यांच्या ग्रंथांत राहिली, दुसरीची शेतकऱ्यांच्या हातांत.

दिवसाचा उत्तरार्ध दिवाडी बेटावरून फेरीबोटीने डिचोलीतील नार्व्याला जाऊन घालवावा. नार्वे हे गावही पळून आलेले आहे, असे म्हटले तर ते फारसे अतिशयोक्त ठरणार नाही. गोव्याच्या कदंब राजांचे कुलदैवत सप्तकोटेश्वर. त्याचे नाव त्यांच्या नाण्यांवर असे, आणि त्याचे मूळ स्थान दिवाडी बेटावरच्या नार्व्यात होते. सोळाव्या शतकात पोर्तुगीजांनी तिसवाडीतील देवळे पाडली तेव्हा भक्तांनी लिंग पैलतीरावर नेले, आणि नव्या जागेलाही जुन्याच गावाचे नाव दिले. छत्रपती शिवाजी महाराजांनी या मंदिराचा जीर्णोद्धार करविला, त्याची शके १५९०, म्हणजे १६६८ ची नोंद दारावरच्या शिलालेखात आहे. नंतरचा एक जीर्णोद्धार पूर्ण होऊन मंदिर २०२३ मध्ये पुन्हा खुले झाले. ज्या पाण्यापलीकडे देव सुरक्षित झाला, त्याच पाण्यापलीकडे गुलामही पोहोचू पाहत होता. देवाच्या पलायनाला शिलालेख मिळाला. गुलामाच्या पलायनाची नोंद राहिली असलीच तर ती मालकाच्या तक्रारीत.

येथे मराठी वाचकाने थोडे सावध राहावे. पैलतीर परक्या राज्याचा होता, म्हणून तो गुलामगिरीपासून मुक्त होता असे नाही. पेशवाईच्या दप्तरांत ‘कुणबिणी’ आणि ‘बटकी’ यांच्या, म्हणजे घरकामासाठी विकत घेतलेल्या स्त्रियांच्या, खरेदीविक्रीच्या नोंदी मुबलक आहेत. पळून आलेल्या माणसाला मिळे ते स्वातंत्र्य नव्हे. जुना मालक पोहोचणार नाही एवढे अंतर मिळे. आणि तेही पुढे आकसत गेले. तिसवाडीसाठी डिचोली हा जसा पैलतीर होता, तसा पोर्तुगीजांच्याच बारदेश तालुक्यासाठी शापोरा नदीपलीकडचा पेडणे. दोन्ही सावंतवाडीकर भोसल्यांच्या अमलाखाली होते. १७८१ मध्ये डिचोली आणि १७८८ च्या तहाने पेडणे पोर्तुगीजांकडे गेले, या प्रदेशांना ‘नव्या काबिजादी’ म्हणू लागले, आणि सरहद्द शापोऱ्यावरून तेरेखोलच्या पाण्यावर सरकली. सां मालोच्या फाशीच्या आगेमागेच गोव्यातील फरारीचा पैलतीर असा एका नदीने उत्तरेकडे ढकलला गेला. माणूस होता तेथेच राहिला असेल. काठ त्याच्या पायांखालून निघून गेला.

पोर्तुगीज सत्तेने १८३६ मध्ये आपल्या प्रदेशांतून गुलामांच्या व्यापाराला बंदी घातली आणि १८६९ मध्ये गुलामगिरी रद्द केली. ‘मुक्त’ झालेल्यांना त्यानंतरही काही वर्षे जुन्या मालकाची चाकरी करावी लागली. पेडण्या-डिचोलीत आज लोक बोलतात ते गुलामाबद्दल नव्हे, तर मुंडकाराबद्दल, म्हणजे भाटकाराच्या (जमीनमालकाच्या) जमिनीत घर बांधून राहणाऱ्या आणि त्याची बागायत राखणाऱ्या कष्टकऱ्याबद्दल. त्याला घरातून काढता येऊ नये म्हणून १९७५ मध्ये कायदा झाला. मुंडकार म्हणजे गुलाम नव्हे, आणि दोघांना एका मापाने मोजणे दोघांवरही अन्याय करणारे आहे.

गुलामांचे वंशज गोव्यात वेगळे दाखवता येत नाहीत. घाट चढून गेलेले आफ्रिकी वंशाचे सिद्दी मात्र उत्तर कन्नड जिल्ह्यात यल्लापूर, हल्याळ, अंकोला या भागांतील रानांत राहतात. त्यांतील अनेकांचे पूर्वज गोव्यातून निसटून आले, असे अभ्यासक मानतात. २००३ मध्ये त्यांना अनुसूचित जमातीचा दर्जा मिळाला, आणि त्यांच्या बोलीत कोकणी आणि मराठी अजून नांदतात. गोव्यात उरले ते एक नाव. आफ्रिकी माणसाला येथे ‘खापरी’ म्हणत, ‘काफिर’ या अरबी शब्दाशी त्याचा संबंध जोडला जातो, आणि २०२५ पर्यंत पर्वरीच्या वडाखाली असलेला खाप्रेश्वर व अन्य गावांच्या वेशीवरचे खापरी नावाचे राखणदार देव हे त्याच आठवणीचे अवशेष असावेत, असे मत मांडले गेले आहे. तसे असेल, तर ज्याला पहारे ठेवून कोंडले त्यालाच गावाने पुढे आपला पहारेकरी नेमले.

संध्याकाळी नार्व्याच्या धक्क्यावर फेरीबोट लागते, तिची लोखंडी फळी सिमेंटच्या उतारावर खडखडत टेकते, आणि दुचाक्या, भाजीच्या टोपल्या घेतलेल्या बायका व शाळकरी मुले दोन मिनिटांत काठ बदलतात. पायी जाणाऱ्याकडून येथे भाडे घेतले जात नाही, आणि दंडावर शिक्काही उमटवला जात नाही.