रकान्यातील शब्द

मेहरूणची बोरे हातगाडीवर दिसू लागली की जळगावला थंडी पडली असे आम्ही समजतो. तलावाच्या अंगाने पूर्वी बोरींच्या बागा होत्या. त्या बोराला गावाचेच नाव मिळाले आणि शेतकी पुस्तकांतही ‘मेहरूण’ ही बोरीची एक जात म्हणून नोंदली गेली. बोराची जात चवीवरून कळते. माणसाची जमात ठरवण्यास मात्र कागद लागतो, आणि तो कागद मिळवताना काय सोसावे लागते हे आम्ही दोन वर्षांपूर्वीच्या हिवाळ्यात जवळून पाहिले.

आमच्या धर्मग्रामातील एक गृहस्थ मेहरूणला राहतात. एका रविवारी मिस्सा आटोपल्यावर ते पिशवीभर झेरॉक्स प्रती घेऊन आमच्यासमोर उभे राहिले. आम्हास मोडी वाचता येते, एवढीच आमची पात्रता. ते भिल्ल समाजाचे. त्यांच्या वडिलांनी चोपडा तालुक्यातील आपल्या गावी स्नानसंस्कार घेतला आणि पुढे मजुरीच्या निमित्ताने कुटुंब जळगावला आले. मुलीला नर्सिंगच्या पदवीला प्रवेश मिळण्याची आशा होती. त्यासाठी जमातीचा दाखला आणि त्याची वैधता हवी होती. ज्या कार्यालयात ते प्रथम गेले तेथील लिपिकाने कागद न्याहाळून विचारले होते, “तुम्ही तर ख्रिश्चन. मग भिल्ल कसे?”

हा प्रश्न त्यांनी आम्हास सांगितला तेव्हा आम्हास संताप आला. उत्तर आम्हास पाठ होते. भारतीय संविधानाच्या 342 व्या अनुच्छेदाप्रमाणे राष्ट्रपतींनी 6 सप्टेंबर 1950 रोजी अनुसूचित जमातींचा आदेश काढला. पुढे 1976 च्या कायद्याने त्यातील याद्या सुधारल्या गेल्या. महाराष्ट्राच्या यादीत चाळिसांहून अधिक नोंदी आहेत. अनुसूचित जातींच्या आदेशात धर्माची अट आहे. आमच्या दलित ख्रिस्ती बांधवांचे दुःख त्या अटीतूनच आलेले आहे. जमातींच्या आदेशात तशी अट नाही. आणि याचा दाखला शोधण्यास खानदेशाबाहेर जाण्याचे कारणही नाही. यादीतील आठवी नोंद भिल्लांची. तिच्यात भिल्ल, भिलाला, पावरा, वसावे यांच्याबरोबर तडवी भिल्लही आहेत, आणि यावल-रावेरकडचे आमचे तडवी बांधव पिढ्यान् पिढ्या इस्लाम पाळतात. (‘तडवी’ हा शब्द तेराव्या नोंदीत धानका आणि वळवी यांच्या पंक्तीला पुन्हा येतो, यादी करणाऱ्यांनी माणसे किती पाहिली आणि कागद किती पाहिले, असे अशा वेळी मनात येते.) मेहरूणच्या त्या गृहस्थांच्या शेजारीच एक तडवी कुटुंब आहे. त्यांच्या मुलाला वैधता मिळाली आहे. ईदला नमाज पढणारा शेजारी आठव्या नोंदीत बसतो, तर नाताळात गोठा मांडणारा का बसू नये?

असे सारे मनाशी जुळवून आम्ही मोठ्या आवेशाने कागद उलगडले, आणि थोड्याच वेळात आवेश ओसरला.

आजोबांच्या जन्माची नोंद उत्तम होती. कोतवाल बुकातील मोडी ओळ, शाई फिकट, पण ‘भिल’ हे अक्षर स्वच्छ; साल 1950 च्या बरेच आधीचे. अशा जुन्या नोंदीला पुरावा म्हणून मोठे वजन असते. त्यानंतरचा कागद मुलीच्या वडिलांचा, म्हणजे आमच्यासमोर बसलेल्या गृहस्थांचा शाळा सोडल्याचा दाखला. त्यात धर्माच्या रकान्यात ‘ख्रिस्ती’, आणि जातीच्या रकान्यातही ‘ख्रिस्ती’. स्नानसंस्काराच्या नोंदवहीच्या उताऱ्यात तर जमातीचा उल्लेखच नव्हता. त्यांच्या भावांच्या दाखल्यांतही तेच. एका पिढीत भिल्ल नाहीसे झाले होते, आणि ते कोणा सरकारी लिपिकाने केलेले नव्हते. ती शाळा आपल्याच मंडळींची होती.

“त्या वेळी मास्तरांनी विचारले, जात काय लिहू?” गृहस्थ सांगू लागले. “माझा बाप म्हणाला, आता आम्ही प्रभूचे. आमची जात गेली.”

हे वाक्य आम्ही आमच्या तरुणपणी कितीदा व्यासपीठावरून उच्चारले असेल! ख्रिस्तसभेत यहुदी नाही, हेल्लेणी नाही, असे सांगताना उर भरून येई. ज्यांना ‘भिल्ल’ हा शब्द बाजारात शिवीसारखा ऐकावा लागला, त्यांना तो टाकून देण्यात सुटका वाटली असेल, यात नवल नाही. तो शब्द टाकणाऱ्या त्या पित्याला आम्ही दोष देत नाही. पण नोंदवही भरणाऱ्या शिकल्यासवरल्या माणसांना जात आणि जमात यांतील भेद कळायला हवा होता. जात म्हणजे उतरंड, ती मोडावयाचीच. जमात म्हणजे कुळ, बोली, सोयरीक आणि सातपुड्यातले रान. ती मोडण्यास प्रभूने कोणाला सांगितले होते?

पुढे चौकशीसाठी पथक घरी आले. कुळ कोणते, लग्न कसे लावता, होळीला काय करता, देव कोणते, असे प्रश्न झाले. केरळच्या एका खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने 2004 मध्ये म्हटले आहे की केवळ धर्मांतराने जमात सुटत नाही. मात्र ती व्यक्ती जमातीच्या चालीरीतींशी जोडलेली आहे काय, हे पुराव्याने पाहावे लागते. 2023 मध्ये त्याच न्यायालयाने महाराष्ट्रातील ठाकूर जमातीच्या प्रकरणात चालीरीतींच्या या परीक्षेला अखेरची कसोटी मानू नये, असाही निर्णय दिला. तरी प्रश्न विचारले जातातच. ढोल घरातून काढा, होळीच्या नाचाला जाऊ नका, असे ज्यांना एके काळी आपल्याच उपदेशकांनी सांगितले, त्यांच्या नातीने आता ढोलाची साक्ष द्यावी! दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेनंतर (1962–65) आपण संस्कृतीकरणाच्या गोष्टी बोलू लागलो, आदिवासी वाद्ये उपासनेत आणली. पण त्याआधी जे गेले ते गेलेच.

त्या दिवशी घर सावरले ते आजीने. ऐंशीच्या घरातील त्या बाईने गळ्यातील जपमाळ न काढता चौकशीला आलेल्यांना आपल्या कुळाची, माहेरच्या कुळाची आणि कोणत्या कुळांत सोयरीक चालत नाही याची सारी माहिती सांगितली. वाघदेवाचे ठाणे गावाच्या कोणत्या बाजूला होते, तेही सांगितले. मग विचारले, “भाऊ, देव बदलला. बाप कसा बदलेल?”

धर्म बदललेल्या आदिवासींना यादीतून वगळावे ही मागणी जुनी आहे. कार्तिक उरांव यांनी 1967 च्या विधेयकाच्या वेळी ती लोकसभेत लावून धरली होती. 1970 च्या अखेरीस लोकसभा विसर्जित झाली आणि ते विधेयक मागे पडले. अलीकडे ‘डीलिस्टिंग’ या नावाने ती पुन्हा ऐकू येते. तिला उत्तर देताना आपण संविधानाचा आधार घेतो आणि घ्यायलाही हवा. पण मेहरूणच्या त्या खोलीत पसरलेले कागद आम्हास विसरता येत नाहीत. जे काम विरोधकांना कायद्याने करावयाचे आहे, त्यातील काही भाग आपण शाईने आधीच करून ठेवला होता.

मुलीला वैधता मिळाली. मोडीतील त्या एका ओळीने आणि आजीच्या जबानीने काम केले. तोवर त्या वर्षीचे प्रवेश संपले होते. तिने वर्षभर एका दवाखान्यात मदतनीस म्हणून काढले आणि गेल्या वर्षी प्रवेश घेतला.

फादरांशी बोलून आम्ही धर्मग्रामाच्या नोंदवह्या पाहावयास घेतल्या आहेत. जुन्या नोंदीत फेरफार करता येत नाही; पण कुटुंबाने आपली जमात सांगितली तर ती नव्या नोंदीत शेऱ्याच्या जागी लिहावयाची, एवढे ठरले आहे. काही जण सांगतात. काही जण आजही मान हलवतात आणि म्हणतात, “नको सर, मुलांना शाळेत चिडवतात.” तेव्हा आम्ही पेन खाली ठेवून त्यांच्याशी बोलत बसतो. गेल्या रविवारी शिरपूरकडून आलेले एक पावरा जोडपे असेच बराच वेळ बसून होते. दोघांनी एकमेकांकडे पाहिले, आणि पुढच्या रविवारी सांगतो म्हणून गेले.