मिटलेल्या ओठांवरचा आवाज

'द फँटम कॅरेज'मधला एक जुना कोट माझ्या डोळ्यांपुढून हलत नाही. डेव्हिड होल्म हा क्षयाने पोखरलेला दारुडा साल्व्हेशन आर्मीच्या आश्रयाला येतो. तो झोपलेला असताना सिस्टर ईडिट रात्रभर जागून त्याचा फाटका कोट शिवते. सकाळी तो कोट हातात घेतो आणि तिच्यादेखत एकेक ठिगळ उसवून काढतो. चित्रपट मूक आहे. तरीही कापड टरकल्याचा आवाज मला दर वेळी ऐकू येतो, कारण त्याच्या बोटांना कसलीही घाई नाही. संतापाने फाडलं असतं तर एक वेळ माफ करता आलं असतं. तो मजेत, निवांतपणे फाडतो.

हा डेव्हिड म्हणजे व्हिक्टर शोस्ट्रम. दिग्दर्शकही तोच. सेल्मा लागरलोफच्या कादंबरीवरचा हा चित्रपट स्वीडनमध्ये १ जानेवारी १९२१ रोजी लागला. मृतात्म्यांच्या दृश्यांसाठी छायालेखक युलियुस येन्सॉनने हाताने फिरवायच्या कॅमेऱ्यात तीच फिल्म पुन्हा पुन्हा मागे नेऊन चित्रावर चित्र घेतलं. या करामतीबद्दल पुष्कळ लिहिलं गेलं आहे, आणि ते योग्यच आहे. मला मात्र मृतात्म्यांना न्यायला येणाऱ्या त्या पारदर्शक गाडीपेक्षा कोट जास्त भिववतो.

मूकपटातले नट बोलपट आल्यावर आवाजापायी बाद झाले, ही गोष्ट आपण नेहमी ऐकतो. शोस्ट्रमची गोष्ट वेगळी आहे. १९१२ साली तो सिनेमात आला तो रंगभूमीवरून. शब्द कसा टाकायचा, कुठे थांबायचं, हे त्याच्या गळ्यात आधीच मुरलेलं होतं. मूकपटाने ते काढून घेतलं आणि त्याला नुसत्या चेहऱ्यावर उभं केलं. ही शिक्षा त्याने विद्येसारखी घेतली, असं मला वाटतं.

१९२३मध्ये तो हॉलिवूडला गेला. तिथे त्याचं नाव सीस्ट्रम झालं आणि तो कॅमेऱ्यामागे राहिला. लिलियन गिशला घेऊन त्याने 'द विंड' केला. मोहावीच्या वाळवंटात विमानाची इंजिनं लावून वाळू उडवली. १९२८मध्ये तो प्रदर्शित झाला, तोवर लोकांना बोलणारी चित्रं हवी होती. एक बोलपट तिथे करून तो मायदेशी परतला आणि १९३१ साली 'मार्कुरेल्स'मध्ये दिग्दर्शनाबरोबर मुख्य भूमिकाही केली. पुढे दिग्दर्शन हळूहळू सुटत गेलं, अभिनय राहिला.

मग १९५७. इंगमार बर्गमनचा 'वाइल्ड स्ट्रॉबेरीज'. पंचाहत्तरी ओलांडलेल्या शोस्ट्रमला संवाद लक्षात राहत नसत, तब्येत साथ देत नसे. संध्याकाळी सव्वापाचला घरी पोचून व्हिस्कीचा पेला हाती आलाच पाहिजे, हे बर्गमनने सांभाळलं. म्हाताऱ्या नटाचा हा हट्ट ज्याने पुरवला, त्याच्याबद्दल मला माया वाटते.

त्यात शोस्ट्रमचा प्रोफेसर इसाक बोर्ग मानाची पदवी घ्यायला स्टॉकहोमहून लुंडला मोटारीने निघतो. शेजारी बसलेली सून त्याला तोंडावर स्वार्थी म्हणते, आणि तो ऐकून घेतो. त्याच्या मनातलं मात्र आपल्याला त्याच्याच आवाजात ऐकू येतं, ओठ मिटलेले असताना. चेहरा १९२१चा, गप्प राहून सगळं सांगणारा. आवाज रंगभूमीवर घडलेला. इतकी वर्षं एकमेकांपासून तुटलेल्या या दोन गोष्टी इथे शेजारी शेजारी येऊन बसतात. बोलपटाचा याहून चांगला उपयोग मी क्वचितच पाहिला आहे.

स्वप्नात बोर्गची तरुणपणची प्रेयसी सारा त्याच्यापुढे आरसा धरते आणि बघ म्हणते. कोट उसवताना समोरच्या बाईचं दुःख चवीने बघणारे तेच डोळे आता आरशात स्वतःकडे बघतात. तो नजर वळवायचा प्रयत्न करतो, ती वळवू देत नाही. हा माणूस आपली पटकथा हिरावून घेऊन बसला, ती त्याचीच झाली, असं बर्गमनने पुढे कबूल केलं. आरशाचा हा प्रसंग पाहिला, की ते मला अक्षरशः पटतं. शब्द बर्गमनचे असतील, पण त्या डोळ्यांत डेव्हिड होल्मचा हिशेब आहे, आणि तो शोस्ट्रमशिवाय दुसऱ्या कुणाला चुकता करता आला नसता.