नावातला भाला

बँकेच्या नोकरीत आयुष्य घालवलेल्या माणसाचा नावांशी फार जवळून संबंध येतो. रकमेतली तफावत बहुधा संध्याकाळच्या ताळ्यात सापडते. नावातले एक अक्षर मात्र इकडचे तिकडे झाले, तर खातेदाराच्या पश्चात वारसांना वर्षानुवर्षे हेलपाटे घालावे लागतात. खात्यावरचे नाव एक, शाळेच्या दाखल्यावरचे दुसरे आणि घरात हाक मारण्याचे तिसरे, अशी माणसे मी पुष्कळ पाहिली. त्यांत बहुसंख्य स्त्रिया असत. लग्नात ताटातल्या तांदळांवर अंगठीने नवे नाव कोरले जाई आणि पुढे दहा-वीस वर्षांनी त्या भगिनी, माहेरची अमुक आणि सासरची तमुक ही एकच व्यक्ती आहे, असे प्रतिज्ञापत्र घेऊन आमच्यासमोर उभ्या राहत. एखादीला जुन्या नावाची सही करून दाखवा म्हटले, की तिचा हात क्षणभर थबके.

हा अनुभव पाठीशी असल्यामुळेच गतवर्षी आमच्या कुटुंबात नावावरून जो प्रश्न उभा राहिला, त्याकडे मला हलकेपणाने पाहता आले नाही.

माझा धाकटा मुलगा जर्मनीत अभियंता आहे. सूनबाई तिथल्याच. त्यांना कन्यारत्न झाले, तेव्हा सूनबाईंनी आपल्या पणजीचे नाव मुलीला द्यायचे ठरवले. ते नाव ‘गेरलिंड’. या पणजींचे यजमान दुसऱ्या महायुद्धातून परतले नाहीत. उद्ध्वस्त झालेल्या शहरात शिवणकाम करून त्यांनी चार मुले वाढवली. आज जर्मनीत नव्या जन्मलेल्या मुलीला हे नाव क्वचितच कुणी ठेवते. ऐकणाऱ्याला ते जुन्या पेटीतल्या लुगड्यासारखे वाटते म्हणे. तरीही सूनबाईंचा आग्रह होता.

आमचे हिंगणघाटचे दादा, म्हणजे माझे चुलत बंधू, कापसाच्या व्यापारात मुरलेले आणि नित्य स्वाध्याय करणारे. त्यांनी त्या नावाचा अर्थ शोधून काढला आणि रात्री मला फोन केला. म्हणाले, “भाऊ, या नावात ‘गेर’ आहे आणि गेर म्हणजे भाला. ज्या घरात चातुर्मासात हिरवी भाजीसुद्धा विचार करून आणली जाते, त्या घरातल्या लेकीच्या नावात शस्त्र कसे चालेल? पारपत्रावर त्यांना हवे ते लिहू द्या. आपल्याकडे तिला ‘समता’ म्हणू या.” दादांचा हेतू शुद्ध होता. परंतु ही गोष्ट मुलाच्या कानावरून सूनबाईंपर्यंत गेली आणि त्यांनी एवढेच विचारले, “माझ्या पणजीला तुमच्या घरात जागा नाही का?”

हा प्रश्न मला टाळता येण्यासारखा नव्हता. निवृत्त माणसाजवळ वेळ असतो. मी वाचू लागलो.

प्राचीन जर्मन लोकांची नावे बहुधा दोन शब्दांच्या जोडीने बनत. आपल्याकडे जयसेन, देवदत्त ही नावे बनतात, तशीच. ‘हिल्ड’ म्हणजे युद्ध आणि ‘गार्ड’ म्हणजे कुंपण, आश्रयस्थान, त्यांतून हिल्डेगार्ड. ‘गेर’ म्हणजे भाला आणि ‘ट्रूड’ म्हणजे बळ, त्यांतून गेरट्रूड. मुलींच्या नावांतही युद्ध, विजय, तटबंदी हेच शब्द पुन्हा पुन्हा येतात, कारण ज्या समाजाने ती नावे घडवली तो लढवय्या टोळ्यांचा होता. मात्र पुष्कळदा या जोडीतला एक शब्द वडिलांकडच्या नावातून आणि दुसरा आईकडच्या नावातून घेतला जाई. त्यामुळे दोन्ही शब्दांचा मिळून काही सलग अर्थ निघालाच पाहिजे, असे नसे. दोन घराण्यांची गाठ त्या नावात बांधली जाई, हेच त्याचे खरे प्रयोजन.

गेरलिंडमधल्या ‘लिंड’विषयी विद्वानांत दोन मते आहेत. काहींच्या मते त्याचा अर्थ मृदू, कोमल. इतरांच्या मते तो लिंडन वृक्षाच्या लाकडाची ढाल सुचवतो. म्हणजे एका अर्थाने हे नाव भाला आणि मार्दव यांची जोडी आहे, तर दुसऱ्या अर्थाने भाला आणि ढाल यांची.

या नावाचा इतिहासही सरळ नाही. तेराव्या शतकातल्या ‘कुड्रुन’ या जर्मन महाकाव्यात गेरलिंड ही एक दुष्ट राणी आहे. पळवून आणलेल्या राजकन्येला ती ऐन थंडीत समुद्रकाठी कपडे धुवायला लावते. त्याच सुमारास युरोपात ख्रिस्ती संतांची नावे लोकप्रिय झाली. एलिझाबेथ, कॅथरिना, मार्गारेटे अशा परक्या मुळाच्या नावांनी जुनी नावे मागे टाकली. आज आपण ज्यांना जर्मन नावे समजतो, त्यांतली कितीतरी हिब्रू वा ग्रीक आहेत. पुढे एकोणिसाव्या शतकात राष्ट्राभिमानाच्या लाटेत जुन्या नावांचे पुनरुज्जीवन झाले आणि नाझी राजवटीने तर त्यांचे स्तोमच माजवले. त्याच राजवटीने 1938 साली एक फर्मान काढले. ज्या ज्यूंची नावे सरकारने ठरवलेल्या यादीत नसतील, त्यांपैकी स्त्रियांनी आपल्या नावाला ‘सारा’ आणि पुरुषांनी ‘इस्राएल’ जोडलेच पाहिजे, असा तो नियम 1 जानेवारी 1939 पासून अमलात आला. सारा हे बायबलमधल्या आदिमातेचे नाव. त्यात ना भाला, ना तलवार. तरीही त्या दिवसांत त्या नावाने जी हिंसा केली, ती कुठल्याही गेरलिंडच्या नावाने केली नसेल. नाव शस्त्र होते ते त्याच्या मूळ धातूमुळे नव्हे. ते कोण, कुणावर आणि कोणत्या भावनेने लादतो, त्यामुळे.

इथवर आल्यावर मला आपल्याच परंपरेकडे वळून पाहावेसे वाटले. ‘जिन’ या शब्दाचा अर्थ काय? जिंकणारा. ज्या शब्दावरून आपण स्वतःला जैन म्हणवतो, तो शब्दच रणांगणावरचा आहे. ‘महावीर’ म्हणजे थोर योद्धा. दुसऱ्या तीर्थंकरांचे नाव अजितनाथ, म्हणजे ज्यांना कुणी जिंकले नाही असे. पालिताण्याच्या ज्या पर्वतावर भाविक अनवाणी चढतात, त्याचे नाव शत्रुंजय. ‘अरिहंत’ या पदातला अरी कोण, हे आपल्याकडचे लहान मूलही सांगेल. राग, द्वेष, मोह हे ते शत्रू. आपल्या पूर्वाचार्यांनी युद्धाचे शब्द टाकून दिले नाहीत. त्यांनी युद्धाची जागा बदलली.

आणखी एक गोष्ट ध्यानात आली आणि मी मनोमन हसलो. आचारांगसूत्र व कल्पसूत्र यांचे इंग्रजी भाषांतर 1884 साली प्रसिद्ध करून, जैन धर्म बौद्ध धर्माची शाखा नसून स्वतंत्र व प्राचीन आहे हे पाश्चात्त्य विद्वानांना पटवून देणारे पंडित म्हणजे हेर्मान याकोबी. ‘हेर्मान’ म्हणजे सैन्याचा माणूस. जैन साहित्याचे दुसरे मोठे अभ्यासक लुडविग आल्सडोर्फ. ‘लुडविग’ म्हणजे युद्धात कीर्ती मिळवलेला. या लुडविगांनी 1962 साली भारतातील शाकाहाराच्या इतिहासावर ग्रंथ लिहिला. सैनिकाचे नाव धारण करणाऱ्याने अहिंसेचे आद्य सूत्र जगापुढे नेले आणि रणवीराचे नाव धारण करणाऱ्याने शाकाहाराची कुळकथा शोधली. त्यांची नावे आड आली नाहीत.

तत्त्वार्थसूत्राच्या पहिल्याच अध्यायात नाम, स्थापना, द्रव्य आणि भाव असे चार निक्षेप सांगितले आहेत. नामनिक्षेप म्हणजे गुणाची अपेक्षा न ठेवता केवळ व्यवहारासाठी दिलेले नाव. एखाद्या मुलाचे नाव इंद्र ठेवले म्हणून तो देवांचा राजा होत नाही. भावनिक्षेपात मात्र वस्तूची प्रत्यक्ष वर्तमान अवस्था पाहायची असते. दादा स्वाध्याय करणारे असल्यामुळे मी त्यांना इतकेच विचारले, “दादा, गेरलिंड हा कोणता निक्षेप?” ते बराच वेळ काही बोलले नाहीत.

परंतु प्रश्न केवळ अर्थाचा नव्हता. नाव बदलण्याचाही होता. आणि नाव बदलण्याच्या कथा वर्धेकरांइतक्या जवळून कुणी पाहिल्या असतील? मॅडेलीन स्लेड या इंग्रज सेनाधिकाऱ्याच्या कन्या 1925 साली गांधीजींकडे आल्या आणि ‘मीरा’ झाल्या. पुढे आपल्या शेगावात त्या राहिल्या. आज आपण जिला बापू कुटी म्हणतो, ती मुळात मीराबेननी उभारलेली. त्या गावाचेही नाव बदलले. बुलढाणा जिल्ह्यातील शेगावशी गल्लत होऊन टपाल तिकडे जाऊ लागले, म्हणून 1940 मध्ये ते ‘सेवाग्राम’ झाले. बर्लिनच्या ज्यू शिक्षिका मार्गारेटे श्पीगेल नाझी राजवटीच्या काळात भारतात आल्या. त्यांना गांधीजी ‘अमला’ म्हणत. त्यांच्या मायदेशात मात्र काही वर्षांतच ज्यू स्त्रियांवर सक्तीने ‘सारा’ हे नाव लादले गेले.

आपल्या समाजाच्या दृष्टीने सर्वांत जवळचे उदाहरण डॉ. शार्लोट क्राउझे यांचे. लाइपझिग येथे भारतविद्येचा अभ्यास केलेल्या या जर्मन विदुषी विसाव्या शतकाच्या तिसऱ्या दशकात भारतात आल्या. आचार्य विजयधर्मसूरींच्या शिष्यपरंपरेच्या सहवासात शिवपुरी येथे राहून त्या श्राविका झाल्या आणि ‘सुभद्रादेवी’ हे नाव त्यांनी स्वीकारले. पुढे उज्जैन व ग्वाल्हेर येथे त्यांचे आयुष्य गेले. 1980 साली त्यांचे निधन झाले. शार्लोट हे नाव ‘कार्ल’ या जुन्या जर्मन नावाचे फ्रेंच वळणाचे स्त्रीरूप आणि त्याचा मूळ अर्थ मुक्त मनुष्य असा सांगतात. लक्षात घेण्यासारखी गोष्ट अशी, की सुभद्रादेवी झाल्यावरही 1952 साली प्राचीन जैन स्तोत्रांचा जो ग्रंथ त्यांनी संपादित केला, त्यावर नाव आहे ते शार्लोट क्राउझे हेच. नवे नाव त्यांनी स्वेच्छेने घेतले आणि त्यासाठी जुने पुसले नाही. माझ्या बँकेच्या काउंटरपाशी उभ्या राहिलेल्या त्या भगिनींना यांपैकी कुठली मुभा मिळाली होती?

दुसऱ्या बाजूचेही एक उदाहरण आहे. जर्मनीत भारतीय वंशाच्या एका दांपत्याला आपल्या मुलीचे नाव ‘किरण’ ठेवायचे होते. नावावरून मुलगा की मुलगी हे कळत नाही, या कारणाने तिथल्या नोंदणी कार्यालयाने नकार दिला. प्रकरण त्या देशाच्या संविधान न्यायालयापर्यंत गेले आणि 5 डिसेंबर 2008 रोजी न्यायालयाने आईवडिलांच्या बाजूने निर्णय दिला. मुलाचे नाव ठेवणे हा मुळात आईवडिलांचा अधिकार आहे. मुलाचे अहित होत नसेल तर सरकारने त्यात पडू नये. तिथल्या सर्वोच्च आसनाने आपल्या ‘किरण’ला जागा दिली. मग आपल्या घरातल्या ओसरीवर एका गेरलिंडला जागा नसावी?

हे सगळे मी दादांना पत्राने कळवले. फोनवर बोलताना माणूस जिंकायला पाहतो, पत्रात समजावायला पाहतो. आठ दिवसांनी त्यांचे उत्तर आले. नाव त्यांना अजूनही कठीणच वाटते, पण ‘समता’चा आग्रह त्यांनी सोडला होता. पत्राच्या तळाशी त्यांनी विचारले होते, “त्या पणजीबाईंनी चार मुले शिवणकामावर वाढवली, हे खरे ना? मग भाला म्हणण्यापेक्षा सुई म्हणावे.”

बारसे दिवाळीनंतर वर्ध्यात झाले. नाव ठेवण्याचा मान आपल्याकडे आत्याचा, म्हणून माझी कन्या पुण्याहून आली होती. तिने पाळण्यात वाकून बाळाच्या कानात कुर्र केले आणि स्पष्ट उच्चारात ‘गेरलिंड’ म्हटले. सूनबाईंनी तो उच्चार तिच्याकडून आदल्या रात्री पाचसहा वेळा घोटवून घेतला होता. दादा सहकुटुंब आले आणि बाळाच्या हातावर चांदीची वाटी ठेवून गेले. माझ्या मातोश्रींचे वय नव्वदीकडे झुकलेले. त्यांच्या तोंडात ते नाव बसेना. त्यांनी ते आपल्या सोयीने ‘गेरू’ करून टाकले. सूनबाईंनी अर्थ विचारला. मुलाने सांगितले, सणासुदीला अंगण-ओटा सारवला की कडेने जो लाल रंग देतात, तो गेरू. त्या हसल्या आणि म्हणाल्या, “हेही चालेल.”

या लेखाच्या निमित्ताने सुज्ञ वाचकांना एकच विनंती. येत्या लग्नसराईत आपल्यापैकी अनेकांच्या घरी तांदळांचे ताट मांडले जाईल. त्यात अंगठी फिरवण्याआधी त्या मुलीला एकदा विचारावे, की तुझे नाव तुला कुणी आणि का दिले. एवढे ऐकून घेतल्यावरही नवे नाव ठेवायचे की नाही, हे तिने ठरवावे.