गुडघेदुखीची गोळी आणि तपाचा विवेक

नाशिकमधील जैन घरांत गुडघेदुखीची जाणीव पुष्कळदा धर्मस्थानीच प्रथम होते. कुणाला म्हसरूळच्या गजपंथाच्या पायऱ्या चढताना, तर कुणाला प्रतिक्रमणात खमासमणे देऊन उठताना गुडघा साथ सोडू लागल्याचे कळते. वेदना वाढते, डॉक्टर गोळी लिहून देतात, आराम पडतो. मात्र त्या गोळीचा आणि व्रताचा मेळ कसा घालायचा, हा प्रश्न घरात क्वचितच कुणी विचारतो.

रविवार कारंज्याच्या परिसरात किराण्याची जुनी पेढी असलेल्या एका कुटुंबातील बाईजींची कथा अशीच आहे. सत्तरीत त्यांच्या गुडघ्यातील कूर्चा झिजल्याचे निदान झाले. डॉक्टरांनी सूज व वेदना कमी करणारी गोळी दहा दिवसांसाठी, सकाळ-रात्र जेवणानंतर घेण्यास सांगितली. दहा दिवस संपले. चिठ्ठी मात्र संपली नाही. दुकानातील मुलगा तीच चिठ्ठी दाखवून पट्टी आणीत राहिला.

पुढे बाईजींनी वर्षीतप आरंभिले. एक दिवस उपवास, एक दिवस बियासणे. रात्रीची गोळी चौविहारात बसेना आणि उपवासाच्या दिवशी गोळी घेणे त्यांच्या मनास पटेना. तेव्हा त्यांनी स्वतःच हिशेब मांडला: उपवासाच्या दिवसाची गोळी बियासण्याच्या दिवशीच जास्तीची घेऊन ठेवायची. हिशेब चोख होता. पण शरीराची वही तशी लिहिली जात नाही. रक्तदाबासाठी त्यांना लघवी वाढवणारे औषधही चालू होते. वैशाखाच्या उन्हात, सूर्यास्तानंतर पाण्याचा थेंबही नाही, अशा स्थितीत त्यांच्या पायांवर सूज आली, लघवी कमी झाली, मळमळ सुरू झाली. रक्तातील क्रिएटिनिन वाढलेले आढळले. डॉक्टरांनी विचारले तेव्हा सूनबाईंनी कपाटाचा खण उघडला आणि रिकाम्या पट्ट्यांचा ढीग समोर आला.

शरीरात प्रोस्टाग्लँडिन नावाची द्रव्ये तयार होतात. सांध्यातील सूज आणि वेदना ती वाढवतात. परंतु जठराच्या आतील अस्तराचे रक्षणही तीच करतात, आणि शरीरातील पाणी कमी झाले असता मूत्रपिंडाचा रक्तपुरवठा टिकवून धरण्यासही तीच साहाय्य करतात. डायक्लोफेनॅक, ॲसेक्लोफेनॅक, आयबुप्रोफेन यांसारखी औषधे त्यांची निर्मिती रोखतात. गुडघ्याला आराम मिळतो, त्याच वेळी जठराचे आणि मूत्रपिंडाचे संरक्षणही दुबळे होते. जठराला कमी त्रास देणारे म्हणून गाजलेले रोफेकॉक्सिब हे औषध हृदयविकाराचा धोका वाढतो असे दिसल्याने २००४ साली जगभरच्या बाजारातून मागे घेतले गेले. वेदनाशामक गोळी निष्पाप नसते, एवढे त्यावरून समजावे.

याच औषधाचा एक दाखला नाशिक जिल्ह्याच्या जंगलात आहे. थकलेल्या गुराढोरांच्या वेदना कमी व्हाव्यात म्हणून डायक्लोफेनॅक सर्रास टोचले जाई. त्यामागे करुणाच होती. पण असे जनावर मेल्यावर त्याचे मांस खाणाऱ्या गिधाडांची मूत्रपिंडे निकामी होऊ लागली आणि भारतातील गिधाडांच्या तीन जातींची संख्या ९० टक्क्यांहून अधिक घटली. २००६ साली जनावरांसाठी या औषधावर बंदी आली. तरी माणसांसाठीच्या मोठ्या कुप्या गोठ्यात पोहोचत राहिल्या. म्हणून २०१५ साली इंजेक्शनची कुपी ३ मिलिलिटरपुरती मर्यादित करण्यात आली. आज हरसूलजवळच्या खोरीपाडा येथे वाचलेल्या गिधाडांसाठी सुरक्षित खाद्याची सोय केलेली आहे. करुणेला जाणिवेची जोड नसेल तर तिच्यातूनही हिंसा घडते. अहिंसेत जयणेला एवढे महत्त्व आहे ते यासाठीच.

बाईजींना गोळी बंद झाल्याचे दुःख नव्हते. इतके दिवस पाळलेले तप मोडणार याचे होते. डॉक्टरांचे म्हणणे त्यांना मान्य होईना. अखेर मुलाने त्यांना उपाश्रयात महाराजसाहेबांकडे नेले. महाराजसाहेबांनी त्यांना आठवण करून दिली, की पच्चक्खाणातच समाधीसाठी आगार ठेवलेला आहे. चित्ताची समाधी ढळेल अशा पीडेचा विचार व्रत सांगणाऱ्यांनी आधीच केला आहे. शिवाय तपाचे बारा प्रकार आहेत आणि अनशन हा त्यांतील एक. ऊनोदरी आहे, रसत्याग आहे, स्वाध्याय आणि वैयावच्चही आहे. बाईजी बराच वेळ बोलल्या नाहीत. मग त्यांनी ऊनोदरीचे पच्चक्खाण घेतले.

तीन आठवड्यांत क्रिएटिनिन उतरले. पूर्वीच्या आकड्यावर मात्र ते आले नाही. आता गुडघ्यासाठी मांडीचे स्नायू बळकट करणारे व्यायाम, शेक आणि लावायचे मलम एवढेच आहे. प्रतिक्रमण त्या खुर्चीवर बसून करतात. पहिले काही दिवस त्यांना त्याची लाज वाटली.

वेदनाशामक गोळी घेणे हा तपातील कमीपणा नव्हे, आणि ती सोसून न घेणे ही थोरवीही नव्हे. वैद्यकशास्त्राचा नियम असा, की लागेल तेवढीच कमी मात्रा, लागतील तेवढेच कमी दिवस. ही औषधाची ऊनोदरीच म्हणावी. पर्युषण, ओळी किंवा वर्षीतप यांपूर्वी डॉक्टरांना आपला नियम स्पष्ट सांगावा: अन्न केव्हा, पाणी केव्हा, उपवास किती. चौविहार पाळणाऱ्याला दिवसातून एकदाच घ्यायचे औषध किंवा वेगळी वेळ सुचवता येते. रक्तदाब, मधुमेह वा हृदयाची औषधे चालू असतील तर तीही दाखवावीत, आणि डॉक्टरांना न विचारता काही वाढवू नये किंवा थांबवू नये. घरातील वडीलधाऱ्यांना सुखसाता विचारताना कोणती गोळी, किती दिवसांपासून, हेही विचारावे. पुष्कळदा ते सांगत नाहीत ते केवळ कुणी विचारत नाही म्हणून.