विश्वासरावांच्या कानाजवळून गेलेली गोळी

मराठी मनाला ‘जर-तर’ची खोड पानिपताने लावली असे म्हटले तर ते फारसे वावगे ठरू नये. १४ जानेवारी १७६१ रोजी विश्वासरावांना गोळी लागली नसती तर? या प्रश्नावर आपण उसासे टाकत आलो. डॉ. जयंत नारळीकर (१९३८–२०२५) यांनी मात्र ‘गंगाधरपंतांचे पानिपत’ या कथेत त्या ‘तर’ला एक उपपत्ती दिली. तिचे ‘द अ‍ॅडव्हेंचर’ हे इंग्रजी रूप एनसीईआरटीच्या अकरावीच्या पाठ्यपुस्तकात गेले. आम्ही ती कथा दरवर्षी वर्गात काढतो.

कालप्रवासाचा जुना पेच सर्वांना ठाऊक आहे. भूतकाळात जाऊन कुणी आपल्याच आजोबांना मारले, तर मारणारा जन्मला कसा? नारळीकर हा पेच सोडवत बसत नाहीत. तो उद्भवूच देत नाहीत. त्यांचे गंगाधरपंत गायतोंडे मागे जात नाहीत, बाजूला जातात. इलेक्ट्रॉन नेमका कुठे सापडेल हे पुंजभौतिकी सांगू शकत नाही. प्रत्येक शक्यतेचे एकेक जग असू शकेल, ही कल्पना ह्यू एव्हरेट यांनी १९५७ साली मांडलेल्या विचाराशी जवळीक सांगते. तिला कथेत कॅटास्ट्रॉफी थिअरीची जोड मिळते: रणांगणावर अशी एक घटका येते की तेथील तसूभर फरकाने पुढचे सारे उलटते. गोळी विश्वासरावांच्या कानाजवळून निघून जाते, आणि मराठे जिंकतात. पंतांच्या खिशात त्या जगातल्या बखरीचे फाटके पान उरते, एवढाच पुरावा.

यंदा वर्गात एका विद्यार्थ्याने विचारले, “सर, तिकडे आपण जिंकलो होतो, मग पंत इकडे परत आले हे चांगले झाले की वाईट?”

आम्हांस चटकन उत्तर देता आले नाही. कारण आमच्याजवळही एक घटका आहे. २००९च्या पावसाळ्यात, पुण्याहून सुटीवर ढाणकीला आलो असताना, एका रात्री दादांच्या छातीत कळ आली. शेजारी जीप काढायला तयार होते. दादा म्हणाले, “पित्त असेल, उगाच कुणाला त्रास नको.” आम्हीही म्हणालो, पहाटेच्या एसटीने नांदेडला नेऊ. पैनगंगा ओलांडली आणि दादांनी आमच्या खांद्यावर मान टाकली. त्या गाडीचे तिकीट आजही आमच्या शब्दकोशात आहे. या जगाचे फाटके पान.

त्यानंतर कित्येक रात्री आम्ही ती जीप काढली आहे. एव्हरेटचा विचार प्रथम वाचला तेव्हा बरेही वाटले: कुठल्या तरी जगात आम्ही रात्रीच निघालो असू.

पण कथेत एक छोटा प्रसंग आहे, ज्याकडे आम्ही वर्षानुवर्षे दुर्लक्ष केले. पानिपत जिंकलेल्या जगातल्या मुंबईत पंत आपल्या मुलाची, विनयची, त्याच्या कचेरीत चौकशी करतात. त्या नावाचे तिथे कुणीच नसते. नारळीकर यावर फार रेंगाळत नाहीत, पुढे जातात. आमच्या मते कथेचे मर्म तिथे आहे. आजोबांचा पेच सुटला खरा, पण हिशेब चुकला नाही. एक गोळी चुकली की केवळ पराभव पुसला जात नाही. त्या पराभवानंतर जे जे जन्मले तेही पुसले जाऊ शकते.

दादा गेले म्हणून आम्ही पुण्याचे पीएच.डी.चे नाव सोडून आईजवळ राहिलो, इथेच नोकरी धरली, इथेच संसार मांडला. ज्या जगात जीप वेळेवर निघाली, तिथे दादा ओसरीवर बसले असतील. पण नववीतली आमची लेक तिथे नाही. या दोन जगांतून एक निवडा असे कुणी म्हटले तर आम्हांस निवडता येणार नाही. निवडायची सोय नाही, हीच या उपपत्तीची दया म्हणावी लागेल.

दुसऱ्या दिवशी त्या विद्यार्थ्याला आम्ही एवढेच म्हणालो, “चांगले की वाईट ते ठाऊक नाही. पण घरी पोहोचल्यावर पंतांनी आधी विनयला हाक मारली असेल.”