पात्रें निवडणारा नट

२००६ सालच्या ‘रंग दे बसंती’ या चित्रपटांत नटांची चांचणी घेण्याचा एक प्रसंग आहे. त्यांतील उमेदवारांपैकीं एक अभिषेक बॅनर्जी. पुढें हेच गृहस्थ ‘द डर्टी पिक्चर’ (२०११) आदि चित्रपटांसाठीं दुसऱ्यांच्या चांचण्या घेऊं लागले. नट म्हणून नांव झालें तें २०१८ च्या ‘स्त्री’मधील भाबड्या जनामुळें. ‘पाताल लोक’ (२०२०) या मालिकेचीं पात्रें त्यांच्याच संस्थेनें निवडलीं, आणि हातोड्यानें डोकीं फोडणारा त्यागीहि तेच झाले! त्यागी फारसा बोलत नाहीं, नुसता पाहतो. हें पाहणें त्यांना पात्रनिवडीच्या खोलींतच साधलें असावें, असा माझा तर्क आहे.

माझा मामेभाऊ दोन वर्षें घाटकोपरहून मेट्रोनें वर्सोव्याच्या आरामनगरांत चांचणीस जात आहे. नांव, उंची सांगावी, दोन्ही बाजूंनीं चेहरा दाखवावा, चार वाक्यें बोलावीं; नकार कोणी कळवीत नाहीं. “त्या बॅनर्जींना नांव व्हायला किती वर्षें लागलीं रे?” मामीनें मला विचारलें.

“बारा,” मीं म्हटलें.

मामी कांहीं बोलली नाहीं. भावानें मात्र “मग मला अजून दहा आहेत,” म्हणून दुसऱ्या दिवशींचा सदरा इस्त्रीस काढला.